बॅलटरची आगगाडी बंद करायला नको होती

पायवाट:
सहा वर्षं झाली स्कॉटलंडातल्या अ‍ॅबर्डीनला येऊन. डी नदीच्या काठाने ज्या वाटेवर मी सायकल चालवतो, तिचा बराचसा भाग म्हणजे जुनी डीसाइड रेल्वे. अ‍ॅबर्डीन ते बॅलटर, साधारण ७० किलोमीटर. १८५३ ला गाडी बँकरीला पोचली, १८५९ ला अबॉइनला, १८६६ च्या ऑक्टोबरात बॅलटरला. बाल्मोरलच्या राजवाड्याला जाताना व्हिक्टोरिया राणी इथेच उतरायची. १८९६ मध्ये रशियाचा झार दुसरा निकोलसही इथेच उतरला. शंभरी भरायला आठ महिने उरले होते तेव्हा, फेब्रुवारी १९६६ अखेर, प्रवासी गाड्या थांबल्या.

माझा राग मोजणीवर आहे. कुठले रेल्वेमार्ग बंद करावेत हे सांगणाऱ्या, ब्रिटिश रेल्वेचे प्रमुख बीचिंग यांच्या १९६३ च्या अहवालासाठी प्रवासी मोजले ते एप्रिल १९६१ मधल्या एका आठवड्यात. डीसाइडला पाहुणा येतो उन्हाळ्यात. जत्रा भरायच्या आधीच गर्दी मोजली आणि देऊळ ओस आहे म्हणून सांगितलं!

हिशेबी:
पायवाट, तुमची तळमळ समजते, पण प्रवासी आधीच गेले होते. अ‍ॅबर्डीन ते कल्टरच्या उपनगरी गाड्या १९३७ लाच बंद झाल्या, कारण बसने माणसं ओढून नेली. त्यात बीचिंगचा काय दोष? देशभरच एक तृतीयांश मार्गांवर जेमतेम एक टक्का प्रवास होत होता. बॅलटर आजही दीडेक हजार वस्तीचं गाव. दोन महिने भरणाऱ्या गाडीसाठी बारा महिने सिग्नलमन आणि गँगमनचे पगार कोणी द्यायचे?

मीनल:
खर्च कमी करायचा उपाय याच मार्गावर धावत होता की. १९५८ पासून इथे दोन डब्यांची बॅटरीवरची गाडी होती. उत्तर स्कॉटलंडात जलविद्युत मुबलक, दोन्ही टोकांना चार्जिंगची सोय, ना कोळसा ना धूर. १९६२ मध्ये ती इथून काढून घेतली. आज जग बॅटरीच्या गाड्यांकडे वळतंय तेव्हा फार हळहळ वाटते. ती गाडी जपलेली आहे, मिल्टन ऑफ क्रॅथिसला. कुणी तिकडे गेलात तर जरूर बघा.

हिशेबी:
मीनलताई, एका गाडीवर अख्ख्या मार्गाचं वेळापत्रक उभं राहत नाही.

डोंगरवाटा:
मला वाटतं घोडचूक शंभर वर्षं आधीची. मूळ बेत पुढच्या ब्रेमार गावापर्यंत जायचा होता. बॅलटरच्या पुढे रुळांसाठी भराव घालून झाला होता, रूळ कधीच पडले नाहीत. राणीला बाल्मोरलच्या अंगणातून गाडी नको होती, असं मानतात. त्या भरावावर आता लोक फिरायला जातात. ब्रेमार जोडलं असतं तर गाडीला शेवटपर्यंत गिऱ्हाईक मिळालं असतं.

पायवाट:
शक्य आहे. पण हिशेबी, इंग्लंडच्या सीमेलगतच्या बॉर्डर्स भागाचं काय? तिथला मार्ग जानेवारी १९६९ मध्ये बंद केला आणि सप्टेंबर २०१५ मध्ये एडिंबरा ते ट्वीडबँक पुन्हा बांधला. स्कॉटलंडातच लेव्हनमाउथची गाडीही जून २०२४ मध्ये परत आली.

हिशेबी:
बॉर्डर्सला एडिंबरात कामाला जाणारे लोक आहेत. तो हिशेब इथे फार तर बँकरीपर्यंत जमेल, हे मी मान्य करतो. बँकरी वाढलं ते अ‍ॅबर्डीनला तेलाचा पैसा आल्यावर. उत्तर समुद्रातलं फोर्टीज तेलक्षेत्र सापडलं १९७० मध्ये. चार वर्षं आधी ते कुणाला दिसणार होतं?

पायवाट:
कुणालाच नाही, आणि म्हणूनच रूळ उखडायची घाई नको होती. बॅलटर सोडा, बँकरीपर्यंतचे तीसेक किलोमीटर तरी नुसते झाकून ठेवता आले असते. पण १९६६ मध्ये बँकरीला वेगळं धरून गाडी चालू ठेवली नाही. एकाच फटक्यात सगळ्या लाइनवरच्या प्रवासी गाड्या गेल्या. आता बँकरीची माणसं रोज सकाळी मोटारी घेऊन अ‍ॅबर्डीनच्या रस्त्यावर येतात, आणि मी त्यांच्या शेजारून, जिथे रूळ होते तिथून, सायकलवर जातो.