मोट बांधायची की हाकायची?

प्रश्न : निवडणूक आली की पेपरात 'नाराजांची मोट बांधली' हे वाक्य ठरलेलंच. वडील म्हणतात, मोट हाकतात, बांधत नाहीत. आमच्या सिन्नरकडे त्यांनी ती स्वतः हाकली आहे. मग ही बांधायची मोट कुठली?

– वडील बरोबर, पेपरवालेही बरोबर. मोटा दोन आहेत. एक चामड्याची, विहिरीतून पाणी ओढायची. दुसरी म्हणजे गाठोडं. मोटली तिच्यातूनच आली. नाराजांची बांधतात ती ही दुसरी. 'मोट हाकली' लिहिलं असतं तर नाराजांना बैल म्हटल्यासारखं झालं असतं, आणि तेही फार चुकीचं नव्हतं!

विहिरीवरच्या मोटेचा शब्दसंसार मात्र मोठा. जाड दोर तो नाडा, मोटेच्या सोंडेला, म्हणजे निमुळत्या तोंडाला, बांधलेला बारीक दोर तो सोंदूर, पाणी पडतं ते थारोळं. बैल ज्या उतारावरून ओढत खाली जातात ती धाव. आता गंमत अशी की बैलगाडीच्या लाकडी चाकावर लोहार लालबुंद तापवून चढवतो, त्या लोखंडी पट्टीलाही धावच म्हणतात. पाणी ओतलं की ती आक्रसते आणि चाक आवळून धरते. दोन्ही धावा ओढण्याच्याच कामातल्या, पण एकीवर बैल चालतात आणि दुसरीवर गाडी.

– 'धुरा'ही घ्या की यात. अध्यक्षपदाची धुरा सगळे सांभाळतात, पण धुरा हा मूळ गाडी-रथाचा शब्द, जनावरं जुंपतात तो पुढचा भाग. कामदा एकादशीला नाशिकच्या रथोत्सवात रामरथ आणि गरुडरथ माणसंच ओढतात. रामरथाचा मान रास्ते आखाडा तालीम संघाकडे, गरुडरथाचा अहिल्याराम व्यायामशाळेकडे. तिथे धुरा हाताला लागते. संस्कृतात धुरीण म्हणजे धुरेला जुंपण्याजोगा, ओझं वाहणारा. समाजधुरीणांना हे कुणी सांगू नका.

– विदर्भात धुरा म्हणजे शेताचा बांध बरं का. माझ्या अकोल्याच्या सासऱ्यांनी 'धुऱ्यावर बसलो होतो' म्हटलं, तेव्हा मला गाडीच दिसली.

– निफाडकडून एक भर. 'हेलपाटा' आज फुकट गेलेली फेरी. दाखल्यासाठी चार हेलपाटे घाला. पण हेल म्हणजे मुळात ओझं, ते वाहणारा हेलकरी. 'खेप'चंही तसंच : एकदा वाहून नेलेला माल, मग ती फेरी, मग 'या खेपेला' म्हणजे या वेळी. बाळंतपणालाही 'दुसरी खेप' म्हणतात. कांद्याची ट्रॉली लासलगावला नेतानाही आम्ही खेपच म्हणतो, फक्त बैल नाहीत.

– आणि 'टीम'ला मराठीत काय म्हणायचं? 'डॉक्टरांचा चमू' मला खटकतं.

– खटकायला कारण आहे. चमू हा सैन्याचा भाग : 729 हत्ती, 729 रथ, 2187 घोडे, 3645 पायदळ. एवढे डॉक्टर एका पेशंटभोवती नकोत. उलट इंग्रजीतली टीम जुन्या काळी एकत्र जुंपलेल्या जनावरांचीच होती. आपली बैलजोडी तिच्या जवळची, पण क्रिकेटला ती चालणार नाही. 'संघ' पुरेसा आहे. आणि संघातल्या दोघांत भांडण झालं की 'जुंपली' म्हणायची सोय आपल्याकडे आहेच.