‘माको’, ‘दातेरी’ आणि ‘सुळे’: शार्कच्या दातांसाठी नेमके शब्द

शब्दवेल्हाळ
माको या शार्कवरच्या प्राणिपरिचयाच्या एका मजकुरात हे वाक्य तपासायला आले आहे: ‘मकर या शब्दाशी नाते सांगणारा माको आपल्या करवतीसारख्या दातेरी दातांनी भक्ष्याचे लचके तोडतो.’ माझ्या शंका तीन आहेत. माको आणि मकर यांचा खरेच संबंध आहे का? माकोच्या दातांना ‘दातेरी’ म्हणता येईल का? आणि हा शब्द पुल्लिंगी चालवायचा की ‘मुशी’प्रमाणे स्त्रीलिंगी?

पाणवाट
मकराशी काहीही संबंध नाही. ‘माको’ हा न्यूझीलंडच्या माओरी भाषेतला शब्द आहे. माओरी ऑस्ट्रोनेशियन कुळातली, संस्कृत इंडो-युरोपीय कुळातली. ‘म’ आणि ‘क’ जुळले एवढ्यावर व्युत्पत्ती उभी राहत नाही. मकरावरून आलेला आपला शब्द ‘मगर’.

माओरीत शार्कसाठी सर्वसाधारण शब्द ‘मांगो’ आहे. ‘माको’ हा त्यातला एक ठरावीक मासा, आणि त्याच शब्दाने त्याचा दातही ओळखला जातो. माओरी लोक हा दात कानात घालत. म्हणजे मूळ भाषेत मासा आणि दागिना दोन्ही एकाच नावाखाली येतात. माओरी संस्कृतीवरच्या मजकुरात ‘तिने कानात माको घातला होता’ असे वाक्य दिसले तर तिथे ‘माकोचा दात’ असेच मराठी करावे, नाहीतर वाचक गोंधळतो.

उच्चाराचे म्हणाल तर माओरीत पहिला स्वर ऱ्हस्व आणि शेवटचा ‘ओ’ दीर्घ आहे, त्यामुळे ‘मको’ हे मुळाच्या जास्त जवळ. तरी मराठीत ‘माको’ रूळला आहे, तो बदलण्यात अर्थ नाही. कापडाच्या वेष्टणावर ‘माको कॉटन’ दिसते तो शब्द मात्र पूर्ण वेगळा: इजिप्तमधल्या लांब धाग्याच्या कापसाचे ते नाव तिथल्या एका अधिकाऱ्याच्या नावावरून पडले. शब्दकोशात या दोघांना एका नोंदीखाली घालू नये.

कूर्चा
वाक्यातली मोठी चूक ‘दातेरी’ ही आहे. ‘दातेरी’ हे विशेषण दाताच्या कडेला लागते, दातांच्या रांगेला नाही. ज्याच्या कडेवर बारीक खाचा आहेत तो दात दातेरी. मोठ्या पांढऱ्या शार्कचा दात दातेरी, वाघ-शार्कचा दातेरी. माकोच्या दाताची कड सलग आणि गुळगुळीत असते, तिच्यावर एकही खाच नसते. धार असते, खाचा नसतात. म्हणून ‘गुळगुळीत धारेचे, लांब, निमुळते दात’ असे लिहावे.

आकारही पाहा. आखूड पराच्या माकोचा (माकोच्या दोन जातींपैकी एक) पुढचा दात बाजूने बघितला तर सरळ नसतो. बुडापासून वर येताना तो तोंडाच्या आत झुकतो आणि टोकाशी पुन्हा किंचित बाहेर वळतो. ओठाकडची बाजू जवळजवळ सपाट, जिभेकडची बाजू फुगीर. खालच्या जबड्याचे पुढचे दात इतके लांब असतात की तोंड मिटले तरी बाहेर दिसतात. हा दात निसटत्या माशात रुतवून त्याला धरून ठेवण्याचा आहे. लहान आणि मध्यम माको मासे व माकूल (स्क्विड) पकडतो आणि बहुतेक वेळा अख्खे गिळतो. तिथे ‘लचके तोडतो’ शोभत नाही. ‘दातात पकडतो’, ‘दात रुतवतो’ म्हणा. मोठ्या वयाच्या माकोचे दात रुंद होत जातात आणि तो तलवार माशासारख्या मोठ्या भक्ष्याचे मांस कापून काढू शकतो, त्याच्याबाबतीत ‘लचका’ चालेल. म्हणजे क्रियापद माशाच्या वयावर आणि भक्ष्यावर अवलंबून आहे.

दुरुस्त वाक्य असे होईल: ‘माको आपल्या लांब, गुळगुळीत धारेच्या दातांनी वेगवान मासे पकडतो.’

नदीकाठ
दात हातात असेल तर दातेरी की नाही हे कसे ठरवायचे? फोटोत तर सगळे सारखेच दिसतात.

कूर्चा
नख धारेच्या लांबीने, टोकाकडून बुडाकडे हलके ओढा. पांढऱ्या शार्कच्या दातावर नख खरखरते, माकोच्या दातावर सरकते. मग दहापट भिंगाखाली कड बघा. नुसत्या नखावर विसंबू नका, कारण दागिन्यासाठी घासून चकचकीत केलेल्या दाताच्या खाचा नाहीशा होतात आणि पांढऱ्या शार्कचा दातही गुळगुळीत लागतो. अशा दातावर खाचा उरल्याच तर बुडाजवळ उरतात, म्हणून भिंग तिथे न्यावे. नंतर मुख्य टोकाच्या दोन्ही बाजूंना, अगदी खाली, छोटी उपटोके आहेत का ते पाहा. माकोला उपटोके नसतात. गुळगुळीत धार असून उपटोके असतील तर तो बहुधा सँड टायगर शार्कचा किंवा पोर्बीगलचा दात असतो.

सँड टायगरमुळे फोटोओळी फार चुकतात. मत्स्यालयाच्या काचेमागे संथ फिरणारा, तोंडातून वेडेवाकडे दात बाहेर आलेला शार्क दिसला की खाली ‘माको’ लिहून मोकळे होतात. माको बंदिवासात तग धरत नाही. मत्स्यालयातला तो मासा जवळजवळ नेहमी सँड टायगरच असतो.

व्याकरणप्रेमी
लिंगाबद्दल. एकटा ‘माको’ पुल्लिंगी चालवावा, कारण मनात ‘मासा’ किंवा ‘शार्क’ असतो: तो माको, मोठा माको. ‘माको मुशी’ लिहिलेत तर मुशीचे लिंग येते: ती माको मुशी, मोठी माको मुशी. एकाच परिच्छेदात दोन्ही नकोत. अनेकवचन तेच राहते, ‘फोटो’सारखे: एक माको, चार माको. सामान्यरूपात एकवचनी ‘माकोचे दात’, अनेकवचनी ‘माकोंचे दात’. ‘माक्याचे’ कृपया नको, माका ही वनस्पती आहे.

शब्दवेल्हाळ
मजकुरात पुढे ‘माकोला दातांच्या अनेक ओळी असतात’ आणि ‘त्याचे सगळे दात सुळे असतात’ असेही आहे. हे ठीक का?

कूर्चा
‘सुळा’ हा पटाशीचे दात, सुळे, दाढा या विभागणीतला शब्द आहे. ज्या प्राण्याला ही विभागणीच नाही त्याला सुळे कुठून असणार? ‘सुळ्यासारखे दात’ लिहा, ते बरोबर आहे. माकोतही जागेनुसार फरक असतो: पुढचे दात उंच आणि अरुंद, बाजूचे आखूड व रुंद, आणि वरच्या जबड्यात या दोहोंच्या मध्ये एक लहान दात. पण सगळे एकाच ठेवणीचे.

‘ओळी’ हा शब्द मात्र घोटाळ्याचा आहे, कारण शार्कच्या जबड्यात दोन दिशांनी मोजता येते. जबड्याच्या कडेने डावीकडून उजवीकडे गेलात तर एक मोजणी. एका जागच्या दातापासून आत जिभेकडे गेलात, जिथे त्याच जागेचे पुढचे दात आडवे होऊन तयार असतात, तर दुसरी. मी कडेने जाणाऱ्या मोजणीला ‘दातांच्या जागा’ आणि आत जाणाऱ्या मोजणीला ‘पिढ्या’ म्हणतो. माकोच्या प्रत्येक अर्ध्या जबड्यात साधारण १२-१३ जागा असतात, आणि प्रत्येक जागेमागे बदली दातांच्या काही पिढ्या. ‘ओळी’ लिहिले की वाचकाला यातले काय मोजले ते कळत नाही.

‘दात पडला की नवा येतो’ हेही अर्धवट आहे. नवा दात आतल्या बाजूला आधीच तयार असतो आणि हिरडीचा पट्टा त्याला पुढे आणत राहतो. जुना तुटो न तुटो, तो कडेवरून गळतोच.

पाणवाट
‘दाताचे मूळ’ म्हणायला हरकत आहे का?

कूर्चा
‘मूळ’ म्हटले की हाडात रुतलेले असे चित्र उभे राहते. शार्कच्या जबड्यात हाड नाही, कूर्चा (कार्टिलेज) आहे, आणि दात खोबणीत बसत नाही. तंतूंच्या पट्ट्याने वरून जखडलेला असतो. मी ‘बूड’ पसंत करतो: ‘दोन फाट्यांचे बूड’. ‘मूळ’ लिहायचेच असेल तर एकदा खुलासा करावा.

जबडा जतन करण्याच्या सूचनांमध्ये हाच गैरसमज महागात पडतो. ‘हाड’ वाचून लोक जबडा उकळतात. उकळले की दात धरून ठेवणारे तंतू विरघळून जेलीसारखे होतात, दात सुटतात आणि कूर्चा आक्रसते. क्लोरिनचे ब्लीच तंतू खाऊन टाकते. योग्य रीत अशी: मांस हाताने खरवडून काढायचे, हव्या त्या रुंदीवर जबडा आधार देऊन ताणून बांधायचा, सावलीत हळूहळू वाळवायचा. पांढरा करायचा तर ३ टक्के हायड्रोजन पेरॉक्साइड, तेही थोडाच वेळ. न ताणता वाळवलेला जबडा पिळवटतो आणि मग सरळ होत नाही.

दाताच्या आतल्या भागाबद्दलही एक शब्द सांभाळा. वाघ-शार्कच्या दातात मज्जेची पोकळी असते. माकोचा दात आतून अस्थिसदृश दंतिनाने (डेंटिन) भरीव असतो. ‘शार्कचे पोकळ दात’ असे सरसकट लिहू नये. बाहेरचा थर फ्लोरअपेटाइट या खनिजाचा, आपल्या दातावरचा हायड्रॉक्सिअपेटाइटचा. एवढ्यावरून ‘माणसाच्या दातापेक्षा कितीतरी कठीण’ लिहिले जाते, पण मोजमापात दोघांचा कठीणपणा जवळपास सारखाच भरला आहे.

अश्मशोध
जीवाश्मांच्या बाजूने भर. ‘रुंद दाताचा माको’ म्हणून ओळखला जाणारा ‘हॅस्टॅलिस’ (लॅटिन ‘हास्ता’ म्हणजे भाला) पूर्वी माकोच्याच प्रजातीत, ‘आयसुरस’मध्ये ठेवत. आता बरेच अभ्यासक त्याला पांढऱ्या शार्कच्या वंशरेषेत धरतात. पेरू देशातल्या पिस्को नावाच्या खडकांच्या थरांतून २०१२ साली वर्णन झालेल्या ‘कार्कारोडॉन हबेली’ या जीवाश्म शार्कच्या दातांवर अर्धवट, बारीक खाचा आहेत: गुळगुळीत हॅस्टॅलिस आणि ठळक दातेरी पांढरा शार्क यांच्या मधली अवस्था. म्हणजे ‘दातेरी’ की ‘गुळगुळीत’ हा प्रश्न वंशावळीचाही आहे. मराठीत लिहिताना ‘माको समजला गेलेला हॅस्टॅलिस’ अशी सावध रचना बरी.

काळ्या दाताला ‘किडलेला’ किंवा ‘जळलेला’ म्हणू नका. जीवाश्म दाताचा रंग ज्या गाळात तो पडून होता त्यातल्या खनिजांचा असतो. रंगावरून वयही सांगता येत नाही.

पाणवाट
जातींच्या नावांसाठी ‘आखूड पराचा माको’ आणि ‘लांब पराचा माको’ हे चांगले मराठी आहे. दुसऱ्याचे छातीचे पर डोक्याइतके किंवा त्याहून लांब, मुस्कटाखालचा भाग प्रौढपणी काळसर, पुढचे दात जास्त सरळ आणि टोक बाहेर न वळलेले. पहिल्याचा मुस्कटाखालचा भाग पांढरा. ‘निळा शार्क’ मात्र माकोसाठी वापरू नका, पाठ कितीही निळी असली तरी. ते नाव दुसऱ्याच जातीचे आहे.

नदीकाठ
आणि ‘माकोच्या दातांवर जगभर बंदी आहे’ हे वाक्य?

अश्मशोध
‘बंदी’ चूक, ‘नियंत्रण’ बरोबर. दोन्ही माको जाती २०१९ मध्ये सायटिस या, वन्य जातींच्या आंतरराष्ट्रीय व्यापारावरच्या, कराराच्या दुसऱ्या परिशिष्टात आल्या. त्या परिशिष्टाखाली देशाबाहेर व्यापार करता येतो, पण निर्यातीचा परवाना लागतो, आणि तो देण्याआधी त्या व्यापाराने जातीला धोका नाही व मासा कायदेशीररीत्या मिळवला आहे हे पाहावे लागते. दात हा माशाचा भाग असल्याने त्यालाही हा नियम लागतो. नोंद होण्यापूर्वीच्या दातासाठी वेगळे प्रमाणपत्र असते. ‘बंदी’ हा शब्द पहिल्या परिशिष्टातल्या जातींच्या व्यापारी वापरासाठी राखून ठेवा. देशोदेशीचे स्वतःचे कायदे याहून कडक असू शकतात, म्हणून वाक्यात देशाचे नाव आल्याशिवाय ‘बेकायदा’ हा शब्दही घालू नये.