कंपनांचे नकाशे काढणाऱ्या शास्त्राला काय म्हणावं?

— एक फँटसी लिहितोय. त्यातल्या देशात जादू जमिनीत मुरलेली आहे, प्रत्येक जागा वेगळी थरथरते आणि काही लोक अनवाणी फिरून, हातात तांब्याची पातळ थाळी धरून त्या थरथरीचे नकाशे काढतात. मला तीन शब्द हवेत: त्या शास्त्राचं नाव, ते करणाऱ्याचं नाव आणि नकाशावरच्या रेघांचं. 'कंपनशास्त्र' लिहिलं होतं तर मित्राने 'कंपनीशास्त्र' वाचलं आणि विचारलं एमबीएवर आहे का कादंबरी.

— स्पंदशास्त्र करा की. छोटा आहे, गोड आहे.

— गोड आहे हाच प्रॉब्लेम आहे. स्पंद म्हटलं की लोकांना हृदय आठवतं नाहीतर दिवाळी अंकातली कविता. शिवाय काश्मीर शैवमतात ९व्या शतकापासून तो तत्त्वज्ञानातला जड शब्द आहे, थाळी घेऊन चिखलात उभ्या माणसाला तो पेलणार नाही.

— जरा सविस्तर लिहितो कारण हे सगळे शब्द आपण एकाच पोत्यात भरतोय. 'कंप' अंगाला सुटतो, हाताला, आवाजाला. 'कंपन' पुस्तकातलं, तारेचं, पट्टीचं. 'आंदोलन' खरं तर झोक्याचं, पण ते आता मोर्च्याने नेलं, गाण्यात तेवढं उरलंय, दरबारी रागातला गंधार आंदोलित असतो तो. 'हादरा' बाहेरून बसतो. 'थरथर' बघणाऱ्यालाही दिसते. तुमच्या जमिनीचं नक्की काय होतं ते आधी ठरवा, मला तरी 'कंप' बरोबर वाटतो कारण भूकंपामुळे जमीन आणि कंप ही जोडी कानाला ओळखीची आहे. 'कंप्रता'सुद्धा उचला. शाळेत आपण वारंवारता शिकलो पण विश्वकोशात कंप्रता आहे, आणि "या विहिरीची कंप्रता बदललीय" हे वाक्य जादूच्या देशात एकदम शोभतं.

रेघांचं तर भूगोलाच्या पुस्तकातच तयार आहे. समताप रेषा, समभार रेषा, तशी समकंप रेषा. आणि हे नुसतं काल्पनिक नाही बरं का, भूकंपवाले असे नकाशे खरंच काढतात. पेपरात रिश्टरचा एकच आकडा येतो, तो अख्ख्या भूकंपाचा. पण मर्कॅली प्रमाणात गावागणिक आकडा वेगळा असतो, एक ते बारा, आणि तो ठरतो तिथे काय झालं यावरून: टांगलेला दिवा हलला का, झोपलेले जागे झाले का, भिंतीला भेग गेली का, घर पडलं का. मग सारख्या आकड्याची गावं रेघेने वेगळी काढायची. १९६७च्या कोयनेच्या भूकंपाचा धक्का पार मुंबईपर्यंत जाणवला होता, म्हणजे असा नकाशा केवढा पसरतो बघा. तुमचे अनवाणी लोक हेच करतायत, यंत्र नाही, माणसाला काय जाणवलं ते.

— थाळीवरून आठवलं. क्लाड्नी नावाच्या जर्मन माणसाने १७८७ मध्ये धातूच्या पत्र्यावर वाळू टाकून कडेला व्हायोलिनचा गज फिरवल्यावर उमटणारी नक्षी छापली होती. गंमत म्हणजे वाळू जिथे पत्रा हलत नाही तिथे जाऊन साठते. म्हणजे डोळ्याला दिसणारी रेघ कंपाची नाहीच, स्तब्ध जागेची आहे. तुमच्या नकाशात दोन प्रकारच्या रेघा हव्यात, समकंप आणि ही दुसरी. पुस्तकी नाव हवं तर निस्पंद रेषा म्हणा, पण गावातली माणसं 'मुकी रेघ' म्हणतील.

— करणाऱ्याला कंपाड्या म्हणा! पाणी बघणारा पाणाड्या असतो ना, उंबराची काटकी नाहीतर तळहातावर नारळ घेऊन शिवारात फिरणारा, अगदी तोच माणूस आहे हा.

— कंपाड्या म्हणजे भंगारवाला वाटतो हो. पण पाणाड्याची दिशा बरोबर आहे. मी म्हणेन एकच नाव शोधूच नका. राजधानीतले पंडित या शास्त्राला 'कंपालेखनविद्या' म्हणोत, ताम्रपटावर तेच कोरलेलं असो. ज्यांच्या बांधावरून ते लोक जातात ते म्हणतील 'मोजणी आलीय'. जमिनीच्या बाबतीत आपल्याकडे मोजणी म्हटलं की हद्दीचे दगड, नकाशा, भांडणं सगळं एका शब्दात येतं. म्हणजे कंपमोजणी, आणि करणारा मोजणीदार. दोन नावं असली की कोण कुठल्या बाजूचा ते संवादातच कळेल, वेगळं सांगावं लागणार नाही.

— मोजणीदार फिक्स! मुकी रेघ पण घेतली, थँक्यू. आता शेवटची शंका, माझी नायिका बाई आहे. मोजणीदारीण करू?

— नको. पाटलीण म्हणजे पाटलाची बायको, तसं होईल. तहसीलदार बाईंना तहसीलदारच म्हणतो ना आपण, मग मोजणीदारच राहू दे, फार तर गावकरी 'मोजणीदारबाई' म्हणतील.