क्वेकर लोकांची शांत सभा आणि लढाईला नकार

सायली_बर्मिंगहॅम:
गेल्या आठवड्यात आमच्या शेजारच्या आजी गेल्या. एक्क्याण्णव वर्षांच्या होत्या. क्वेकर या ख्रिस्ती पंथाच्या होत्या, एवढंच मला ठाऊक होतं. निरोपाची सभा त्यांच्या मीटिंग हाउसमध्ये, म्हणजे प्रार्थनेच्या जागेत झाली. पाद्री नाही, वेदी नाही, क्रूससुद्धा नाही. गोल मांडलेल्या खुर्च्या आणि जवळजवळ तासभर शांतता. मधेच एक म्हातारे गृहस्थ उठले, "दर वसंतात माझ्या दाराशी रूबार्बची जुडी ठेवून जायची," म्हणाले आणि बसले. घरी येऊन मी खूप रडले.

त्यांच्या घरात वडिलांचा फोटो होता. पहिल्या महायुद्धात सैन्यात जायला नकार दिला म्हणून ते तुरुंगात होते. आपण दोन्हीला शांतताच म्हणतो, पण त्या गप्प बसण्याचा आणि न लढण्याचा खरंच काही संबंध आहे का?

वकील_नागपूर:
आहे, सायलीताई. या पंथाचा संस्थापक जॉर्ज फॉक्स सांगायचा की देवाचा उजेड प्रत्येक माणसात असतो. मग मध्ये पाद्री कशाला? आणि ज्याच्यात तो उजेड आहे त्याच्यावर तलवार कशी उगारायची?

1661 च्या जानेवारीत लंडनमध्ये दुसऱ्याच एका पंथाने सशस्त्र बंड केलं आणि त्या धरपकडीत हजारो क्वेकर आत गेले. तेव्हा त्यांनी राजा दुसरा चार्ल्स याला लिहून दिलं की आम्ही कुठल्याही कारणासाठी शस्त्र धरणार नाही. ही सुटकेसाठीची विनवणी होती असं कुणी म्हणतं, मला ते पटत नाही. पुढची पंचवीसहून जास्त वर्षं ते दंड सोसत, तुरुंगात मरत राहिले, पण शब्द फिरवला नाही.

माझ्या जवळचा आहे तो 1670 चा खटला. मीटिंग हाउसला टाळं लावलं म्हणून विल्यम पेन हा क्वेकर भर रस्त्यात बोलला. तो आणि त्याचा सोबती विल्यम मीड, दोघांनाही पकडलं. क्वेकर कुणाच्या मानासाठी टोपी काढत नसत, पण कोर्टात त्यांच्या टोप्या आधीच काढलेल्या होत्या. त्या पुन्हा डोक्यावर घालायला लावल्या आणि मग टोपी घातली म्हणून दंड केला! ज्यूरी, म्हणजे निकाल देणारे बारा नागरिक, दोषी ठरवेना. बारा जणांना दोन रात्री अन्न, पाणी, शेकोटीशिवाय कोंडलं, तरी निकाल तोच: निर्दोष. मग ज्यूरीलाच दंड. त्यांतल्या एडवर्ड बुशेलने तो भरला नाही, तुरुंगात गेला आणि शेवटी वरच्या कोर्टाने ठरवलं की निकालासाठी ज्यूरीला शिक्षा करता येत नाही. हे वाचताना आजही माझ्या अंगावर काटा येतो.

रानजाई:
टोपीसारखंच बोलण्याचंही होतं. गरीब असो की न्यायाधीश, ते सगळ्यांना एकेरीच हाक मारत. त्याबद्दल मारही खात. आपल्याला हे चटकन कळेल. विठ्ठलाला आपण 'तू' म्हणतो, साहेबाला 'आपण'. त्यांना हा फरक मान्य नव्हता.

आमच्या वर्ध्याजवळ सेवाग्रामला मार्जोरी साइक्स या क्वेकर बाई गांधीजींच्या नई तालीम या शिक्षणपद्धतीच्या शिक्षकांना घडवायच्या.

प्रसाद_पुणे:
पण हिटलरसमोर शस्त्र न धरणं बरोबर होतं का? मनापासून विचारतोय.

वकील_नागपूर:
प्रसाद, हा प्रश्न त्यांनाही छळायचा. दोन्ही युद्धांत बरेच क्वेकर तरुण भरती झालेही. काही जण फ्रेंड्स अँब्युलन्स युनिट या क्वेकरांच्या मदतपथकातून जखमींना उचलायला गेले. आजींच्या वडिलांसारखे काही जण मात्र कुठलंही युद्धकाम करायला तयार नव्हते. 1916 च्या सक्तीच्या भरतीनंतर ब्रिटनमध्ये असा नकार देणारे सुमारे 16,000 होते, सगळे क्वेकर नव्हेत. मला स्वतःला हिटलरपुढे शस्त्र धरावंसं वाटलं असतं. पण ज्याने धरलं नाही आणि शिक्षा भोगली त्याला भेकड म्हणणार नाही. अशांचा मताचा हक्कसुद्धा पहिल्या महायुद्धानंतर पाच वर्षं काढून घेतला होता.

सायली_बर्मिंगहॅम:
वकीलसाहेब, ही पाच वर्षं मला माहीत नव्हती. दर निवडणुकीला आजी सकाळी सातच्याही आधी, केंद्र उघडण्यापूर्वीच, काठी टेकत दाराशी उभ्या असायच्या. पाऊस असला तरी. मी एकदा म्हटलं, "दुपारी जाऊ, मी गाडीने नेते." त्या म्हणाल्या, "नाही, पहिलीच जाणार."