कंपन्या फुकट गेम वाटतात म्हणे, ते खरंच फुकट असतात का?

डबल_बेल (कराड) | सोमवार, दुपारी 4:12

नमस्कार मंडळी. मी एसटीत 31 वर्षं कंडक्टर होतो, गेल्या वर्षी निवृत्त झालो. त्यातला बराचसा काळ कराड-चिपळूण. कुंभार्ली घाट किती वेळा चढलो-उतरलो याचा हिशोब नाही, पण स्टिअरिंग एकदाही हातात आलं नाही. आपण डबल बेल द्यायची, गाडी न्यायची ड्रायव्हरनं. आता मुलगा नोकरीला बंगळूरला गेला आणि त्याचा जुना कॉम्प्युटर घरी ठेवून गेला. आय-फाइव्ह, आठ जीबी रॅम, वेगळं ग्राफिक कार्ड नाही, असं त्यानं चिठ्ठीवर लिहून डब्याला चिकटवलंय. म्हटलं, आता तरी गाडी चालवू.

दिवाळीत पुतण्या आला होता. म्हणाला, "अण्णा, गेम विकत कशाला घेताय? कंपन्याच फुकट देतात. माझ्याकडे तीनशेच्या वर आहेत, एक रुपया घातला नाही." त्यात ती प्रसिद्ध जीटीए फाइव्हसुद्धा. मी विचारलं, चोरीचा माल का? तर म्हणे नाही, रीतसर, कंपनीच देते, दर गुरुवारी.

आता माझी अडचण समजून घ्या. अख्खी नोकरी फुकट्यांना पकडण्यात गेली. "मास्तर, पुढच्या स्टॉपला काढतो तिकीट" म्हणणारा माणूस मी डोळ्यावरून ओळखतो. त्यामुळे फुकट म्हटलं की आधी प्रश्न पडतो, याचे पैसे कोण भरतंय? एसटीत 75 वर्षांवरच्या म्हाताऱ्यांना शून्य रकमेचं तिकीट देतात, पण ते तिकीट मशीनमधून निघतं, वेबिलात येतं आणि त्याची भरपाई सरकार महामंडळाला करतं. इथं भरपाई कोण करतं?

दुसरी भीती कार्डाची. मागे एकानं 'पहिला महिना फुकट' म्हणून कार्डाचा नंबर घेतला आणि दुसऱ्या महिन्यापासून गुपचूप 299 कापायला लागला. पासबुक भरायला गेलो तेव्हा चार महिन्यांनी कळलं. शिवाय पुतण्याच्याच एका मित्राला व्हॉट्सॲपवर 'फ्री गेम' अशी लिंक आली होती. पोरानं त्यावर पासवर्ड टाकला आणि त्याचं खातंच गेलं.

तर हे नक्की कसं घ्यायचं, घेतलेलं कायमचं राहतं का, आणि गाडी चालवायचा काही मिळेल का? शक्य तेवढं सोपं सांगा. माऊस उजव्या हातात धरतात इथपासून माहिती आहे.

लॅगोबा (नाशिक) | सोमवार, सायंकाळी 7:35

काका, पहिल्यांदा सांगतो, तुमचा पुतण्या खरं बोलतोय.

तो म्हणतोय ते एपिक गेम्स स्टोअर. हे दुकान डिसेंबर 2018 ला सुरू झालं आणि तेव्हापासून फुकट गेम देतंय. पहिली सबनॉटिका. आता दर गुरुवारी भारतीय वेळेप्रमाणे रात्री साडेआठला जुना गेम उतरतो, नवा चढतो. कधी एक, कधी दोन. नाताळच्या सुमारास रोज एक असा सपाटा असतो. जीटीए फाइव्ह दिली ती 14 ते 21 मे 2020, ऐन लॉकडाऊनमध्ये. त्या रात्री एवढी गर्दी झाली की साइट काही तास आडवीच होती.

घ्यायचं कसं: ब्राउझरमध्ये पत्ता स्वतः टाइप करून जा, कुणाच्या लिंकवरून नको. ईमेल देऊन खातं काढा. गेमच्या पानावर 'गेट' असतं, ते दाबलं की बिलासारखं पान येतं. तिथे मूळ किंमत दिसते, तेवढीच सूट वजा होते आणि खाली एकूण शून्य रुपये. मग 'प्लेस ऑर्डर'. शून्याच्या ऑर्डरला कार्ड लागत नाही, यूपीआय लागत नाही. कुणी फुकटच्या गेमसाठी 'व्हेरिफिकेशनपुरते दोन रुपये' किंवा ओटीपी मागितला तर खिडकी बंद करून टाका. त्यातूनही पैसे गेलेच तर वेळ न घालवता 1930 ला फोन.

महत्त्वाचं, क्लेम करणं (म्हणजे गेम आपल्या खात्यावर नोंदवून घेणं) वेगळं आणि डाउनलोड करणं वेगळं. बहुतेक लोक इथेच गोंधळतात. तुमचा कॉम्प्युटर तो गेम ओढणार नसला तरी क्लेम करून ठेवा. मोबाइलच्या ब्राउझरवरूनही होतं. तो तुमच्या लायब्ररीत पडून राहतो, दोन वर्षांनी मुलानं नवीन मशीन घेतली की उतरवा. मी इंजिनीअरिंगला असताना माझ्याकडे लॅपटॉपच नव्हता. हॉस्टेलच्या गच्चीवर रेंज यायची, तिथून फोनवर क्लेम करायचो. जवळ चूल नाही आणि भांडी गोळा करतोय असं मित्र चिडवायचे.

पैसे कोण भरतं हा प्रश्न मात्र तुम्ही लाखाचा विचारलात. एपिक आणि ॲपलचा जो खटला चालला, त्यात 2021 ला एपिकचे आतले कागद बाहेर आले. सबनॉटिका फुकट वाटायला एपिकनं ती बनवणाऱ्यांना 14 लाख डॉलर ठोक दिले होते. सुरुवातीच्या नऊ महिन्यांतल्या सगळ्या फुकट गेमचा खर्च सुमारे 1 कोटी 16 लाख डॉलर आणि त्यातून 50 लाखांच्या आसपास नवी खाती. म्हणजे माणशी सव्वादोन-अडीच डॉलरला गिऱ्हाईक पडलं. जाहिरातीपेक्षा स्वस्त. शून्य रकमेचं तिकीट तुमचं, भरपाई एपिकची.

कधी कधी पब्लिशर, म्हणजे गेम बाजारात आणणाऱ्या कंपन्या, स्वतःच वाटतात. एप्रिल 2019 ला पॅरिसचं नोत्र दाम जळालं तेव्हा युबिसॉफ्टनं असॅसिन्स क्रीड युनिटी आठवडाभर फुकट दिली, कारण त्या गेममध्ये ते चर्च शिखरापर्यंत चढून बघता येतं. 2020 च्या लॉकडाऊनमध्ये स्टीमवर (हेही एपिकसारखंच गेमचं ऑनलाइन दुकान) टोटल वॉर: शोगन 2 अशीच मिळाली होती. अशा वेळी बहुतेकदा त्याच मालिकेचा नवा भाग विकायचा असतो, जुन्याची चव देऊन ठेवतात.

स्टीमवर एक सांभाळा. 'फ्री वीकेंड' लिहिलं असेल तर तो गेम सोमवारी परत जातो. 'फ्री टु कीप' असेल तरच राहतो.

डबल_बेल (कराड) | सोमवार, रात्री 9:20

वा, लॅगोबा. दोनदा वाचलं, एकदा सौ.ला वाचून दाखवलं. फ्री वीकेंड म्हणजे आमचा 'आवडेल तेथे प्रवास'चा चार दिवसांचा पास. पाचव्या दिवशी दाखवला तर मी सरळ तिकीट फाडायचो. कळलं.

तळटीप (ठाणे) | मंगळवार, सकाळी 10:05

लॅगोबांचं सगळं बरोबर, फक्त 'कायमचं' या शब्दावर माझी हरकत. फुकट काय किंवा विकत काय, या दुकानांत तुम्हाला गेम मिळत नाही, खेळायची परवानगी मिळते.

उदाहरण तुमच्याच आवडीचं देतो, गाडीचं. 2016 ला युबिसॉफ्टला 30 वर्षं झाली म्हणून त्यांनी दरमहा एक असे सात गेम फुकट दिले. सप्टेंबरचा होता 'द क्रू'. अख्ख्या अमेरिकेचा छोटा नकाशा, या किनाऱ्यापासून त्या किनाऱ्यापर्यंत गाडी हाकत जा. सुंदर. पण तो एकट्यानं खेळायचा तरी कंपनीच्या सर्व्हरला जोडलेला लागायचा. 31 मार्च 2024 ला सर्व्हर बंद झाले आणि गेमही बंद, फुकट घेणाऱ्यांचा आणि पुरे पैसे मोजणाऱ्यांचाही. त्यावरून युरोपात मोठी चळवळ उभी राहिली. पुढच्या भागांना ऑफलाइन सोय करू असं कंपनीनं नंतर जाहीर केलं, पण पहिला गेला तो गेलाच.

म्हणून जीओजी नावाच्या दुकानावरही नजर ठेवा. तिथे सेलच्या काळात अधूनमधून 48 किंवा 72 तासांसाठी एखादा जुना गेम फुकट असतो. त्याची इन्स्टॉलरची फाइल उतरवून पेन ड्राइव्हवर टाकायची. मग इंटरनेट नसो, दुकान नसो, ती फाइल चालते. जुने गेम असल्यानं तुमच्या ग्राफिक कार्ड नसलेल्या मशीनलाही झेपतील.

अवांतर: तीनशे गेम असलेल्या पुतण्याला विचारा, खेळलेत किती. माझ्याकडचा आकडा मी सांगणार नाही.

डबल_बेल (कराड) | मंगळवार, दुपारी 12:40

तळटीप, पटलं. तिकीट काढलं म्हणजे गाडी आपली होत नाही, हे मी लोकांना रोज सांगायचो. खिडकीच्या जागेवरून भांडणाऱ्यांना तर फार.

पुतण्याला फोन केला. तीनशे बारापैकी नऊ.

डबल_बेल (कराड) | गुरुवार, रात्री 8:52

मंडळी, काहीतरी चुकतंय. खातं काढलं, मुलानं फोनवरून मदत केली. सव्वाआठपासून बसलोय. साडेआठ झाले, पावणेनऊ झाले, तोच जुना गेम दिसतोय. पान सात-आठ वेळा ताजं केलं. सौ. म्हणते, "स्टँडवर लोक तुमच्या गाडीची वाट बघायचे तेव्हा कसं वाटायचं कळलं का आता?" लॅगोबा, गाडी रद्द झाली का?

एडिसनची_आत्या (न्यू जर्सी) | गुरुवार, रात्री 9:04

भाऊ, गाडी रद्द नाही, वेळापत्रक बदललंय. एपिकचा गेम इथल्या पूर्वेकडच्या वेळेनं सकाळी अकराला बदलतो. गेल्या रविवारीच आम्ही घड्याळं एक तास मागे घेतली. नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारपासून मार्चच्या दुसऱ्या रविवारपर्यंत इथले अकरा म्हणजे तुमचे साडेनऊ. उन्हाळ्यात साडेआठ. माझा भाचा नाशिकलाच असतो, तोही दर वर्षी याच आठवड्यात मला मेसेज करून विचारतो की दुकान बंद पडलं का.

आणि आधीचा जो दिसतोय तोही अजून अर्धा तास फुकट आहे. घेतलात का?

लॅगोबा (नाशिक) | गुरुवार, रात्री 9:11

आत्या, सगळ्यांसमोर? काका, माफ करा, हिवाळ्याची वेळ विसरलो. आणि आत्या म्हणतेय ते आधी करा, नऊ तीसच्या आत जुनाही घ्या. एका बैठकीत दोन्ही होतील.

डबल_बेल (कराड) | शनिवार, सकाळी 11:25

उशिरा लिहितोय, परवा रात्री लाइट गेली होती.

जुना गेम 9:17 ला घेतला, नवा 9:34 ला. बिलाचं पान आलं तेव्हा चष्मा लावून एकेक ओळ वाचली. किंमत, सूट, एकूण शून्य. कार्डाची जागा दिसली, तिकडे फिरकलो नाही. बटण दाबलं तर आधी चित्रांचं कोडं आलं, तुम्ही माणूस आहात का म्हणून. ते दुसऱ्यांदा जमलं. मग ईमेलवर पावती आली, ऑर्डरचा लांबलचक नंबर आणि खाली 0.00. नोकरीतली सवय जात नाही, एका वहीत दोन्ही नंबर, तारीख आणि वेळ लिहून ठेवली. सौ. म्हणाली, आता ही वही कुठल्या आगारात जमा करणार?

दोन्हीपैकी एकात गाडी नाही. एक कोड्यांचा आहे, दुसऱ्यात एक कोल्हा नुसता उड्या मारतो. पण राहू देत लायब्ररीत, भांडी जमवायला सुरुवात झाली.

गाडीचं मात्र जमलं. मुलानं सांगितलं की स्टीमवर युरो ट्रक सिम्युलेटर 2 चा डेमो फुकट असतो. पूर्ण गेम विकतचा, डेमो थोडा वेळ चालतो. ग्राफिक्स सगळं खाली आणून लावलं, झाडं जरा कागदाची दिसतात, पण ट्रक पळतो. काल दुपारी पहिल्यांदा माल भरून निघालो. रस्त्याची उजवी बाजू आहे हे विसरलो आणि दोन मोटारी घासल्या, दंड झाला. पोहोचलो कसाबसा. मग ट्रेलर मागे घेऊन धक्क्याला लावायचा होता. तीन वेळा तिरका गेला. हँडल डावीकडे फिरवलं की ट्रेलर उजवीकडे का जातो हे आमचे ड्रायव्हर मला तीस वर्षं समजावत होते, ते काल समजलं. चौथ्या वेळी मागे भिंत किती राहिली ते दिसेना, तोंडानं "येऊ दे, येऊ दे" मीच म्हणत होतो.

सौ. चहा घेऊन मागे उभी होती. तिनं कप स्टुलावर ठेवला आणि चमच्यानं बशीवर एकदाच वाजवलं. सिंगल बेल. ब्रेक मारला. बरोब्बर जागेवर.