लग्नाचं शूटिंग करणाऱ्यानं स्वतःची फिल्म एकट्यानं करावी का?

घाटंजीवाला:
नमस्कार. मी घाटंजी तालुक्यातला. साक्षगंध, लग्न, बारसं सगळ्याचं शूटिंग घेतो, एडिटिंगही घरीच. आता कापूस वेचणाऱ्या बायांवर एक छोटी फिल्म करायची आहे. कथा लिहून झाली, बाया गावातल्याच. पुण्यातला एक ओळखीचा म्हणतो, एकच काम धर, कॅमेरामन हो. पण इथं बाकीचं करणार कोण? सगळं एकट्यानं केलेल्या माणसाला पुढं कुणी विचारतं का?

वडसाकर:
विचारतात, भाऊ. रीमा दास आसामातल्या छायगावच्या. ‘व्हिलेज रॉकस्टार्स’ (2017) त्यांनीच लिहिला, दिग्दर्शित केला, कॅमेरा धरला, एडिट केला, निर्मितीही त्यांचीच. पोरं गावातलीच. सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, एडिटिंगचाही त्यांनाच मिळाला.

पण त्याच वर्षी लोकेशन साउंडचा पुरस्कार मिळाला तो मल्लिका दास यांना. त्याच सिनेमासाठी, आणि त्या रीमा दास यांच्या नात्यातल्याच. म्हणजे बाकी सारं स्वतः केलं, पण आवाजाला दुसरा कान ठेवला. माझं सांगणं एवढंच आहे: बाकी सगळं तुम्ही करा, आवाज मात्र दुसऱ्याकडे द्या.

मी झाडीपट्टीच्या, म्हणजे आमच्या पूर्व विदर्भातल्या, नाटकांत साउंडवर काम केलं आहे. दिवाळीनंतर सीझन लागला की रात्र-रात्र प्रयोग चालतात. लाइट कमी-जास्त झाली तर मागची म्हातारी शाल ओढून बसून राहते. संवाद ऐकू आला नाही की चटई गुंडाळते. कॅमेरा धरलेल्या माणसाचं सगळं लक्ष डोळ्यात असतं. वेचताना पऱ्हाटी (कापसाची झाडं) खसखसते, लांब कुणाची मोटर चालू होते, हे त्याला रात्री एडिटिंगला बसल्यावर कळतं. बाईच्या नायलॉनच्या पदराखाली माइक लावाल तर नुसती घासाघीस ऐकू येईल. घरातलंच कुणी घ्या, कानाला हेडफोन द्या, आणि “परत घ्या” म्हणायचा हक्क द्या. अगदी तुम्हाला थांबवायचासुद्धा. सीन झाला की सगळ्यांनी गप्प राहून वावराचा मोकळा आवाज मिनिटभर रेकॉर्ड करा, एडिटिंगमध्ये जोड झाकायला तोच कामी येतो.

आर्वीची_पोर:
दादा, वडसावाल्या भाऊचं खरं हाय. पण तुळशीचं लगन झालं का तुले फुरसत कुठची? कापसाचा पहिला वेचा त्याच्या आंधीच येते. येचनी सुरू करतानी वावरात सीतादहीची पूजा करतात, तिथूनच कॅमेरा लाव. आन् बाया किलोवर वेचतात, हे इसरू नको. तू “परत एकदा” म्हनशीन तं तिच्या ओटीत तेवढा कापूस कमी पडते. त्या दिसाची पुरी मजुरी आंधी दे, मंग शूट कर. माही माय वेचाले जाते, म्हनून सांगून राहिली.

घाटंजीवाला:
ताई, मजुरीचं डोक्यातच नव्हतं. आता हिशोबात सगळ्यात आधी तेच धरतो. भाऊ, भाची आवाज सांभाळायला तयार आहे. शूट मोबाईलवर आणि आवाज वेगळा घेतला तर जुळेल का?

वडसाकर:
जुळतो. प्रत्येक टेकच्या सुरुवातीला कॅमेऱ्यासमोर टाळी वाजवा, एडिटिंगमध्ये त्या टाळीवर चित्र आणि आवाज जुळवा. मोबाईलचा फ्रेम रेट (सेकंदाला किती फ्रेम) मात्र शूट करताना मागे-पुढे होतो, त्यानं लांब टेकमध्ये आवाज हळूहळू सरकतो. 25 वर लॉक करणारं अॅप घ्या. आणि घरात ट्यूबलाइटखाली शटर 1/50 ठेवा, आपली वीज 50 हर्ट्झची आहे, नाहीतर पट्टे दिसतील.