मदत हवी आहे: कादंबरीतलं कालचक्र आणि त्यातून उरणारे दिवस

नमस्कार मंडळी,

दोन वर्षं एक फँटसी कादंबरी लिहिते आहे. अठरा प्रकरणं झाली, एकोणिसाव्यात तीन महिने अडकले आहे. पात्रं ठीक चालली आहेत, अडलंय ते त्या जगातल्या काळाच्या नियमापाशी. पंचांगाचं गणित येणारे आणि फँटसी भरपूर वाचलेले, दोन्ही प्रकारचे लोक इथे आहेत म्हणून विचारते.

नियम असा. त्या जगात काळाचा एक फेरा साठ वर्षांचा. आपल्याकडेही प्रभवापासून क्षयापर्यंत साठ संवत्सरं आहेतच, पण आपली नुसती नावं फिरतात. १९६५ च्या पाडव्याला विश्वावसू लागलं होतं, २०२५ च्या पाडव्यालाही तेच लागलं, म्हणून कोणी जुनं वर्ष परत जगलं नाही. माझ्या जगात घटनाच फिरतात. तोच पूर, तोच दुष्काळ, घाटाच्या त्याच पायरीवर तोच खून. मागच्या फेऱ्याची बखर देवळात ठेवलेली असते आणि ती वाचून लोक पेरणी करतात, सोयरिकी जुळवतात, मरणाची तयारी करतात.

पण फेरा कधी काटेकोर मिटत नाही, दर वर्षी थोडे दिवस उरतात. त्याला तिथे ‘शेष’ म्हणतात. भागाकारात उरतो तो शेष, आणि प्रलयात सगळं बुडाल्यावर उरतो तोही शेषच. या दोन अर्थांवर मी सगळी कादंबरी उभी केली आहे. शेष साठत साठत त्याचा एक महिना होतो, आणि त्या महिन्याला बखर लागू नसते. त्यात माणूस जे करेल ते आधी कधी झालेलं नसतं.

हे सुचलं घरातच. २०२३ मध्ये अधिक श्रावण आला तेव्हा आईने माझ्या नवऱ्याला धोंड्याच्या महिन्याचं वाण दिलं, तांब्याच्या ताटात ३३ अनारसे आणि वर निरांजन. पहिल्या घाण्यातले दोन अनारसे तुपात हसले. आईने तो चुरा झाऱ्याने गोळा करून वाटीत काढला आणि मोजणी पुन्हा एकपासून धरली. तेच ताट २००४ च्या अधिक श्रावणात आजीने माझ्या बाबांपुढे ठेवलं होतं. मधे १९ वर्षं. महिना तोच, ताट तेच, पाटावरचा जावई वेगळा, आणि आजी नव्हती. सगळे जेवत होते आणि माझं लक्ष त्या वाटीतून हलत नव्हतं.

याआधी मी माया लोकांसारखी दोन चक्रं घेऊन बघितली होती, २६० दिवसांचं आणि ३६५ दिवसांचं. ती १८,९८० दिवसांनी, म्हणजे ५२ वर्षांनी, तंतोतंत जुळतात. काहीच उरत नाही. त्यात माझी माणसं गुदमरायला लागली, म्हणून सोडलं. आपलं गणित मला जास्त मोकळं वाटतं. सौर वर्ष सुमारे ३६५ दिवसांचं, बारा चांद्रमास ३५४ दिवसांत आटोपतात. वर्षाला ११ दिवसांचा फरक पडत जातो आणि साधारण साडेबत्तीस महिन्यांनी असा एक चांद्रमास येतो ज्यात सूर्य रासच बदलत नाही. तोच अधिक. हे जवळजवळ जसंच्या तसं मी त्या जगात नेलं.

आता अडचण. अधिक मासही फिरतोच की! श्रावण २००४ आणि २०२३, ज्येष्ठ २००७ आणि २०२६. म्हणजे माझा मोकळा महिनाही चाकातलाच एक आरा झाला. माझी नायिका देवळात बखर नकलून काढते. एकोणिसाव्या प्रकरणात तिला कळतं की जे पान फाडायला ती निघाली आहे, तेच पान असल्याच एका शेष महिन्यात आधीच्या नकलनविसानेही फाडलं होतं. लिहिताना अंगावर काटा आला. दुसऱ्या दिवशी वाचलं तेव्हा लक्षात आलं की तिचं शेवटचं दार मीच बंद करून टाकलंय.

शेषाला या फिरण्यातून सोडवायचं कसं? देव धावून आला किंवा शाप सुटला असं नको, उत्तर त्या गणितातूनच यायला हवं. शिवाय, मोकळा महिना कधी येणार हे ठाऊक असेल तर बाकीची वर्षं माणसं हातावर हात ठेवून बसणार नाहीत का?

प्रतिसाद

ताई, १९ वर्षांचा मेळही पुरता बसत नाही. १९ सौर वर्षं आणि २३५ चांद्रमास यांत चार-पाच तासांचा फरक राहतो. शेषालाही शेष आहे. म्हणून अधिक मासाचं नाव पिढ्यान् पिढ्या जुळत राहतं आणि मग एकदा चुकतं. दुसरं, क्षयमास बघा. एकाच चांद्रमासात दोन संक्रांती आल्या, म्हणजे सूर्याने दोनदा रास बदलली, की एक महिना पंचांगातून गळतो आणि त्या वर्षी दोन अधिक मास येतात. १९६३-६४ मध्ये आला होता, मग १९ वर्षांनी १९८२-८३ मध्ये. पुढचा २१२३-२४ मध्ये, म्हणजे थेट १४१ वर्षांनी.

धागाकर्ती

दादा, मनापासून आभार. चार-पाच तास! मी महिनाभराची मोकळीक शोधत होते आणि ती काही तासांत होती. दुसरा प्रश्नही यातच सुटला. ते तास कधी येतील हे बखरीत सापडणारच नाही, त्यामुळे कोणी वाट बघत बसू शकत नाही. नायिका आता गळलेल्या महिन्यात जन्मलेली असेल, तिची जन्मतिथी एकाही बखरीत नसेल. प्रकरण पुन्हा पहिल्या ओळीपासून लिहायला घेते.

आणखी एक विनंती. कोणाच्या घरी १९६३-६४ किंवा १९८२-८३ चं जुनं पंचांग असेल तर त्या पानांचा फोटो टाकाल का? नसलेला महिना कागदावर कसा छापतात ते मला बघायचं आहे.